पापणी लववायची नाही

ता. ९ फेब्रुवारी

थोरल्या,

तुझं पत्र मिळालं. पहिल्यांदा घाईघाईत वाचलं, मग चष्मा पुसून पुन्हा वाचलं, तरी धाकट्याच्या ओळी कुठे सापडल्या नाहीत. दर वेळी तुझ्या सहीखाली तो काहीतरी खरडतो. 'आई, मी जाड झालोय', 'बाबा, खोकल्याचं औषध घ्या', असलं काहीबाही. या वेळी मी पाकीट उलटं करून झटकलंसुद्धा. तुझी आई म्हणाली, "झटकून अक्षरं पडतात का?" पण मग तिनंही एकदा झटकून पाहिलं.

तू दिग्दर्शक झालास हे सगळ्यांना सांगितलं. सांगितलं खरं, पण दिग्दर्शक म्हणजे काय ते मला नीट सांगता येत नाही. समोरचा न्हावी म्हणाला, "म्हणजे आता पडद्यावर दिसणार नाही?" मी म्हटलं, नाही. "मग ही बढती कसली, मास्तर?" नाटकात तू राण्यांची कामं करायचास. तुझे झगे मीच माझ्या मशीनवर शिवायचो, पण खिडकी लावून. मग तू सिनेमात गेलास, दाढीमिशा लावून सेनापती झालास, तेव्हा माझी मान जरा वर झाली. आता म्हणतोस, दिसणारच नाही. बरं, तुझं तुला ठाऊक.

तुझ्या आईचं मात्र सिनेमावाचून चालेनासं झालंय. तापात कान गेले तेव्हापासून ती नाटकाला कधी आली नाही. या मुक्या सिनेमात कुणालाच काही ऐकू येत नाही, म्हणून ती खूश. "सगळे माझ्यासारखे," म्हणते. फक्त भलत्या जागी हसून माझी लाज काढते. परवा पडद्यावर राणी विष पिऊन मरत होती, लोक नाकं पुसत होते, आणि ही फिदीफिदी हसत सुटली. बाहेर आल्यावर म्हणते, "ती मरता मरता राजाला सांगत होती, मेल्या, माझ्या झग्यावरचा पाय काढ!" आपल्या तोंडाकडे बघून बोलणं ओळखायची तिला सवय, ती पडद्यावरच्या माणसांनाही सोडत नाही. म्हटलं, ओळख बाई, पण मनात हस.

धाकट्याला मी तुझ्या भरवशावर पाठवलंय. तो आमचा उशिराचा पोर, तुझ्यासारखा टणक नाही. तुझ्या आईला दुसरं काही नको. पोर धडधाकट परत घरी यावं, एवढंच. त्याला लिहायचा कंटाळा असेल तर म्हणावं, कागदावर नुसती एक रेघ ओढ.

तुझे बाबा


ता. २० फेब्रुवारी

बाबा,

तुम्हाला आणि आईला नमस्कार. धाकटा मजेत आहे. दिवसभर चेहऱ्याला रंग, हातांना रंग, कागदाला बोट लावलं तरी डाग पडतो, म्हणून त्यानं लिहिलं नाही. दुसरं काही नाही.

न्हाव्याला सांगा, नटाला एकट्याचा चेहरा सांभाळायचा असतो, मला सगळ्यांचे सांभाळायचे असतात. कॅमेरावाला हँडल फिरवत असतो आणि मी भोंग्यातून ओरडत असतो. मागे वळ, दाराकडे बघ, आता तिची आठवण आली, आता रड. आवाज कुठे उमटतोय! नटांनी काहीही बोलावं, तोंड हललं म्हणजे झालं. काय बोलले ते आम्ही मागाहून पडद्यावरच्या पाटीवर लिहितो आणि प्रेक्षक तेच खरं मानतात. झग्याची गोष्ट वाचून सगळा स्टुडिओ हसला. मालक मात्र हसले नाहीत.

माझी एक रीत आता इथे सगळ्यांना पाठ झाली आहे. चेहरा जवळून घेताना पापणी लववायची नाही. पापणी लवली की माणूस खोटा वाटतो. नाटकात मी हे राणी होऊन शिकलो, शिट्ट्या मारणाऱ्यांच्या डोळ्यांत डोळे घालून. पूर्वी आम्ही उन्हात काम करायचो, ढग आला की हात बांधून बसायचो. आता मालकांनी कार्बनचे दिवे आणलेत. मागाल तेव्हा ऊन. आणि धाकट्यासारखी नजर सबंध स्टुडिओत कुणाची नाही.

नव्या चित्रपटात तो राजपुत्र आहे. तळघरात कैद असतो, शेवटी सुटून उजेडात येतो. तो प्रसंग पाहताना मालक खुर्चीतून उठून उभे राहिले. चित्रपट तुमच्याकडे लागेल, पण आईला नेऊ नका. फार रडारड आहे, तिला सोसायची नाही. पुढचा हलकाफुलका आहे, त्याला जरूर न्या.

तुमचा थोरला


ता. १४ मार्च

थोरल्या,

तू नको म्हणालास तरी तिला नेलं. थिएटरच्या दारावर धाकट्याचं भलंमोठं चित्र लावलंय. तुझी आई बाजारात जाताना त्याच्यासमोर उभी राहते, येताना पुन्हा उभी राहते. तिला कोणत्या तोंडानं नाही म्हणू? शिवाय मला वाटलं, तू संकोचानं म्हणतोयस. घरच्यांनी नावं ठेवली तर, असं तुला वाटत असेल.

गर्दी मोठी होती. धाकटा पडद्यावर आला तेव्हा मी शेजारच्याला म्हटलं, हा आमचा. तो म्हणाला, "असू द्या आजोबा, पण डोकं खाली घ्या." सगळं छान चाललं होतं. मग सुटकेचा प्रसंग आला. धाकटा जिना चढून वर येतो, एकदम लख्ख उजेड, आणि मग पडदाभर नुसता त्याचा चेहरा. डोळे सताड उघडे, गालांवरून पाणी वाहतंय. पाटी वाचणाऱ्या माणसानं खणखणीत आवाजात वाचलं, "हे प्रकाशा, आज तू मला पुन्हा भेटलास!" लोकांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या. आणि तुझी आई उभी राहून ओरडली. आपला आवाज केवढा निघतो ते तिला कळत नाही. "बंद करा! ते दिवे बंद करा!" असं म्हणत माणसांच्या पायांवरून पडद्याकडे निघाली. पेटी वाजवणारा वाजवायचा थांबला. मागून कुणीतरी म्हणालं, "बंदच आहेत आजी, म्हणून तर दिसतंय." सगळे हसले. मी तिला दंडाला धरून बाहेर काढलं आणि रस्त्यात तिच्यासमोर उभा राहून नको ते बोललो. तिला सगळं दिसावं म्हणून चांगलं तोंड उघडून बोललो.

तू मनावर घेऊ नकोस. म्हातारपणी ती हळवी झाली आहे. काम उत्तम झालं आहे.

वरचं काल लिहिलं. टाकायचं राहिलं ते बरं झालं. आज तुझी आई चूल न पेटवता बसून राहिली. मी विचारलं, झालं तरी काय? ती म्हणाली, "तो काय बोलत होता ते बघितलंत का?" मी म्हटलं, पाटीवर होतं की. ती म्हणाली, "जळो ती पाटी. तो म्हणत होता, दादा, बस कर. दादा, मला दिसत नाही. नाटक नाही दादा, खरंच दिसत नाही. आणि मग आई म्हणाला." मी म्हटलं, तुला भास झाला. तेव्हा माझ्यावर अशी चवताळली की काय सांगू. "माझे कान गेले तेव्हा तो पाळण्यात होता. तो बोलायला शिकला तो माझ्यासाठी ओठ नीट हलवून बोलायला शिकला. तुमचं बोलणं चुकेल माझं, त्याचं नाही."

मग मी एकटा पुन्हा जाऊन आलो. मला ओठ वाचता येत नाहीत. इतकी वर्षं ती माझे वाचते, मला कधी शिकायची गरजच पडली नाही. पण 'दादा' एवढं मलाही दिसलं.

थोरल्या, त्या गोष्टीत राजपुत्राला कुणी दादा नाही. धाकट्याचे डोळे कसे आहेत? फिरवून फिरवून लिहू नकोस. तेवढंच लिही.

बाबा


ता. २३ मार्च

बाबा,

आईला सांगा, घाबरू नकोस. नटाच्या डोळ्यांत पाणी यावं म्हणून आम्ही त्याला काय काय बोलायला लावतो, ते बाहेरच्यांना कळायचं नाही. मीच त्याला म्हटलं होतं की तुझे डोळे गेले असं समज आणि मला हाक मार. त्यानं मारली. आईलासुद्धा ते खरं वाटलं, यात त्याचं कौतुकच आहे. या दिव्यांनी डोळे चुरचुरतात, हे खरं आहे. वाळू गेल्यासारखं वाटतं. सगळ्यांनाच होतं. ओल्या पट्ट्या ठेवल्या की जातं. त्यालाही ठेवल्या आहेत आणि तो विश्रांती घेतोय.

पुढचा चित्रपट अर्ध्यावर आहे. मालक रोज येऊन माझ्या मागे उभे राहतात. अशा वेळी तुम्ही इकडे यायचं मनात आणू नका. प्रवास तुम्हाला झेपणार नाही आणि मला तुमच्याकडे बघायला सवड होणार नाही. सगळं ठीक आहे.

तुमचा थोरला


ता. ३० मार्च

थोरल्या,

तुझं पत्र मी तुझ्या आईसमोर बसून वाचलं. कौतुकाची ओळ गाळली. ती म्हणाली, "मध्ये थांबलात ते काय होतं?" मग तीही वाचावी लागली. ऐकून, म्हणजे बघून, म्हणाली, "लहानपणी दूध सांडायचा आणि मांजराचं नाव घ्यायचा, तेव्हाही असंच लांबलचक सांगायचा. खरं असलं की हा दोन शब्दांत बोलतो."

तो विश्रांती घेतोय ना? मग हातांना आता रंग नसणार. त्याच्या हातची ओळ पाठव. नाहीतर मी निघतो. मला गाडीत चक्कर येते, घडीघडी उठावं लागतं, गर्दीत जीव घाबरा होतो आणि उतरायचं स्टेशन निघून जाईल या धास्तीनं मी डोळा मिटत नाही. हे सगळं आहे. तरी निघतो.

बाबा


ता. ७ एप्रिल

आई, बाबा,

हे मीच लिहितोय. कागदावर पुठ्ठ्याची पट्टी धरली आहे आणि तिच्या काठानं पेन्सिल सरकवतोय. ओळी एकमेकींच्या अंगावर चढल्या असतील तर सावकाश वाचा. दादाला या पत्राचं ठाऊक नाही. फाटकावरच्या पहारेकऱ्याकडून टाकून घेतोय.

आईनं बरोबर ओळखलं. समोर दिवे होते, खालून पत्र्याचे आरसे होते. आधी सगळं पांढरं झालं, मग त्या पांढऱ्यात काही उरलंच नाही. मी बोललो ते दादानं ऐकलं. त्याच्या हातातून भोंगा पडला, त्याचा आवाज मला आला. मला वाटलं, आता थांबवणार. कॅमेऱ्याचं हँडल फिरतच होतं. मग दादा म्हणाला, "तसाच राहा." आणि मी राहिलो.

पण बाबा, सगळं त्याच्या माथी मारू नका. माझ्या पापण्या कुणी धरून ठेवल्या नव्हत्या. मिटल्या असत्या तर मिटल्या असत्या. आपलं काम चांगलं होतंय हे नटाला आतून कळतं. मला कळलं होतं. म्हणून नाही मिटल्या.

आता उजव्या डोळ्याला उजेड आणि सावली कळते. डाव्याला माणूस कळतो, पण कोण ते कळत नाही, बोलल्यावर कळतं. डॉक्टर म्हणाले, याला अंधारात ठेवा, पुन्हा दिव्यांसमोर नेलंत तर उरलंसुरलंही जाईल. दादा मला नेत नाही. पण मालकांनी त्याला बजावलंय, चित्रपट पुरा कर, नाहीतर चालू लाग, आणि दुसऱ्या कुठल्या स्टुडिओत तुला कुणी उभं करणार नाही याची व्यवस्था मी करतो. त्यातले माझे बहुतेक प्रसंग डोळे जायच्या आधीच झाले होते, थोडेच उरलेत. मी मालकांना परस्पर सांगून टाकलंय, करतो म्हणून. सोमवारी दिवे लागतील. दादाला तेव्हाच कळेल.

तुम्ही येऊ नका आणि त्याला लिहू नका. लोक त्याला बाई म्हणून चिडवायचे, तिथून तो इथवर आलाय. माझ्यापायी त्याला पुन्हा खाली उतरायला लावू नका.

तुमचा धाकटा


तार, ता. १० एप्रिल

धाकटा सोमवारी दिव्यांसमोर बसणार आहे. तुला सांगू नका म्हणाला. सांगतो आहे. थांबव. आई जेवत नाही. बाबा.


ता. १६ एप्रिल

बाबा,

पोस्टातून तार स्टुडिओत आली आणि ऑफिसात पडून राहिली. माझ्या हातात पडली ती सोमवारी, दिवे लागल्यावर. आत गेलो तर धाकटा रंग लावून, पोशाख चढवून खुर्चीत बसला होता. मी त्याला ऊठ म्हटलं. तो म्हणाला, "दादा, थोडंच उरलंय रे." मालक म्हणाले, "नट तयार आहे, तुझं काय जातं?" मी भिंतीजवळ गेलो आणि दिव्यांची कळ खाली ओढली.

मालकांनी तिथल्या तिथे मला बाहेर काढलं. चित्रपट आता दुसरा माणूस पुरा करतोय, धाकट्याच्या बांध्याचा कुणीतरी पाठमोरा उभा करून. मी दोन स्टुडिओंत विचारून आलो. एका ठिकाणी म्हणाले, दिग्दर्शक नको, पण म्हाताऱ्या राणीचं काम आहे, करशील का? बाई मिळत नाही म्हणून. मी विचार करतो म्हटलं.

मी तुम्हाला खोटं लिहिलं. मी त्याला हाक मार म्हटलं नव्हतं. तो ओरडला तेव्हा मला कळलं होतं आणि तरी मी म्हटलं, तसाच राहा. चित्रपटाचे तुकडे जोडताना तो चेहरा मी पुन्हा पुन्हा पाहिला. त्याचे शब्द फक्त मला ठाऊक आहेत, असं मला वाटत होतं. आई आठवलीच नाही. तुमचं झग्याचं पत्र आलं तेव्हा आठवली. तोवर प्रती गावोगाव गेल्या होत्या. नोकरी गेल्यावर इथल्या प्रतीतून तेवढा तुकडा कापायला गेलो, तर मला आत सोडलं नाही.

धाकट्याला कॅमेरावाल्याबरोबर पाठवतोय. भला माणूस आहे, घरापर्यंत आणून सोडेल. मी येत नाही. तुमच्याशी पत्रातून काहीही बोलता येतं. आईसमोर उभं राहून मला तोंड उघडता येणार नाही.

थोरला


ता. २ मे

थोरल्या,

धाकटा पोचला. कॅमेरावाला दारातूनच परत जात होता, त्याला बळेच बसवून जेवू घातलं. तो सारखा स्वतःच्या उजव्या हाताकडे बघत होता. हँडल फिरवणारा हात असेल.

धाकट्याला मागच्या खोलीत ठेवलंय. खिडकीला मी दुहेरी काळा पडदा शिवला, वर पुन्हा अस्तर लावलं. इथले डॉक्टर म्हणाले, उन्हाळा असाच जाऊ द्या, मग पाहू. मग पाहू म्हणजे काय, असं विचारेपर्यंत ते जिना उतरले होते. मी त्या शब्दांचा अर्थ लावत बसतो. सकाळी एक लागतो, दुपारी दुसरा.

पण त्रास निराळाच आहे. त्याला अंधार हवा आणि तुझ्या आईला उजेड. ती आत जाऊन बसते, बोलते, ते तो ऐकतो. तो बोलतो ते तिला दिसत नाही. पहिल्या दिवशी तो म्हणाला, "पडदा जरा सरकवा, आईला माझं बोलणं कळू दे." मी हात घातला तशी ती माझ्यावर धावून आली. तेव्हापासून मी मध्ये आहे. आत त्याचं ऐकायचं, बाहेर उजेडात येऊन तिच्यासमोर सांगायचं. सगळा जन्म सुई दातात धरून मुका बसलो, आता दिवसभर बोलतोय. आणि मला ते नीट जमत नाही. काल तो म्हणाला, "बाबा, आज सावलीही कमी वाटते." मी बाहेर आलो आणि म्हटलं, पाणी मागतोय. ती माझ्या तोंडाकडे बघत राहिली. मग आत पाणी ठेवून आली आणि म्हणाली, "त्यानं पाणी मागितलं नव्हतं."

तो तुझ्यावर रागावलेला नाही. तुला वाईट वाटू नये म्हणून लिहीत नाही, आहे तसं लिहितोय. तुझी आई तुझं नाव काढत नाही, हेही आहे तसं लिहितोय.

आज त्यानं मला विचारलं, "बाबा, तुम्ही बघितलात ना तो? उजेडात येतो तो प्रसंग? कसा झालाय?" तेव्हा कुठे माझ्या ध्यानात आलं की त्यानं तो पाहिलेलाच नाही. तुम्ही सगळे पडद्यासमोर बसला होतात तेव्हा तो पट्ट्या बांधून पडला होता. आता मी काय सांगू? चांगला झालाय म्हणू, तर बाहेर येऊन तुझ्या आईला काय सांगू की मी काय म्हणालो? वाईट झालाय म्हणू, तर त्या पोरानं डोळे उघडे ठेवले ते कशासाठी? मी म्हटलं, "मला शिंप्याला त्यातलं काय कळतं? ते दादाला विचार."

तो म्हणाला, "मग बोलवा त्याला."

म्हणून बोलावतोय. राणीचं काम घे नाहीतर सोडून दे, ते नंतर बघ. तुझी आई दारात असेल. तिच्यासमोर काय बोलायचं ते मला सुचत नाही, तुलाही सुचणार नाही. नमस्कार कर आणि तिच्या बाजूनं सरळ आत जा. आत अंधार आहे. तिथे तुझं तोंड कुणाला दिसणार नाही. त्याच्याजवळ बस आणि कसा झालाय ते त्याला सांग.

तुझे बाबा